विरजणाएवढी फाइल

त्सियाला आली ती सीडी रुमालात बांधून,
जणू उन्हाने नासली असती.
कुताइसीत त्या दिवशी दुपारपर्यंत वीज नव्हती,
तोवर दुकानाच्या पायरीवर बसून
आम्ही रिओनीतले पांढरे दगड बघत राहिलो.
भावाचं लग्न, म्हणाली. दोन हजार तीन सालचं.
अंगावरचं काळं पाहून
मी पुढे काही विचारलं नाही.

वीज आली. जुना प्लेअर उघडला,
तोच राखाडी, चौकोनी, हिरव्या रेघा नाचवणारा.
त्याला मी अजून काढून टाकलेलं नाही.
(नवे सगळे फार हसतमुख असतात
आणि असलं काही वाजवत नाहीत.)
त्याने एका ओळीत हात वर केले:
अमुक फाइल सापडत नाही.
आठ अक्षरं, टिंब, तीन अक्षरं.

म्हणजे सीडी गेली?
नाही, मावशी. सीडी धडधाकट आहे. प्लेअरही.
मग समजावताना माझं नेहमीसारखं गाडं अडलं:
ही फाइल कुणा एकाची नसते,
सामायिक असते, दोन घरांमधल्या भिंतीसारखी,
चित्र कसं उलगडायचं ते
प्लेअर तिच्याकडून उसनं आणतो,
तिला लायब्ररी म्हणतात…
तर तिचा प्रश्न, मग तिथे कुणी बसतं का
शिक्का मारायला?

जरा थांबून तीच म्हणाली, मात्सोनीसारखं.
दूध आपलं, भांडं आपलं,
पण विरजण शेजारणीकडचं.
आणि शेजारीण गेली बातुमीला.

वीस वर्षं हा धंदा करून
मला हे असं सांगता आलं नव्हतं.

शेजारीण शोधायला तीन दिवस लागले.
माझ्याकडे होती ती फाइल, पण पुढची आवृत्ती:
नाव तेच, घराणं वेगळं.
प्लेअरने तोंडात घेतली आणि थुंकून टाकली.
शेवटी अंझोरचं बंद पडलेलं कॅफे, जिन्याखालचं,
कोबीच्या पोत्यांमागे एक पिवळा पडलेला संगणक,
पंख्यात उंदराचा संसार.
तिथे होती. एकशे ब्याण्णव किलोबाइट.
ज्यांच्यासाठी कुणीतरी ती ठेवली होती
ते प्रोग्राम कधीच पुसले गेले होते.
एकटी ती चालत नाही.
दोनदा टिचकी मारा, चारदा मारा,
काही उघडत नाही. दुसऱ्याने हाक मारावी लागते.

आणली तिला घरी.
ती येताच दुकानाचा बिलांचा प्रोग्राम बसला,
अजून बसलेलाच आहे, बिलं हातानेच लिहितो.

पण लग्न सुरू झालं.
कॅमेरावाल्याचा जीव माणसांपेक्षा टेबलावर:
टोमॅटो, खाचापुरी, पुन्हा टोमॅटो,
मग बराच वेळ कुणाचा तरी बूट.
मग तिघे गायला उभे राहिले.
वरचा स्वर चुलत्याचा, मधला नवरीच्या भावाचा,
आणि तळाला नवरदेव स्वतः, बानी धरून.
बानीला शब्द फारसे नसतात.
एक लांबलचक ओऽ,
आणि त्याच्यावर पाय रोवून बाकीचे दोघे
वाटेल तिकडे झुकतात.

तेवढ्यात चौकटी फुटल्या,
नवरी, चुलता, द्राक्षाचा मांडव, सगळं हिरवं.
आवाज मात्र चालूच.
माझा हात माऊसकडे गेला.
राहू दे, म्हणाली.
तिने सीडी संपेपर्यंत त्या हिरव्याकडे पाहिलं,
एकदा मधल्या स्वरात काहीतरी पुटपुटली,
ते बरोबर बसलं नाही, तिने पुन्हा केलं.

पैसे मी घेतले. कमी घेतले, पण घेतले.
जाताना वर बरणी ठेवून गेली,
सगळं खाऊ नकोस, चमचाभर मागे ठेव.

ती फाइल आता चार ठिकाणी आहे.
एक किल्ल्यांच्या जुडग्यात, पेनड्राइव्हवर,
दुकानाच्या आणि घराच्या किल्लीमध्ये.
अंझोर हसतो.
हसू दे. त्याला परवा कोबी ठेवायला जागा हवी होती,
त्याने तो संगणक भंगारात दिला.